आयची कॅसेट

सर्व संगीतप्रेमींना, संशोधकांना आणि तुर्कस्तानच्या सांस्कृतिक खात्यातल्या संबंधित अधिकाऱ्यांना (त्यांच्यापैकी कोणी मराठी वाचत असल्यास) अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, नव्वदच्या दशकात तुर्की अरबेस्क संगीताचा एक अमोल ठेवा रत्नागिरी जिल्ह्यातल्या आमच्या घरी, तांदळाच्या डब्यावर, काही काळ मुक्कामाला होता. तो तिथवर पोचवण्याचं श्रेय माझं. तो तिथून धडधाकट परत आला, याचं श्रेय माझं नाही. ते कोणाचं, हे सांगण्यासाठीच मी हा लेख लिहीत आहे. उगाच पुढे संशोधकांची भांडणं नकोत.

त्या काळी मी बहारीनमध्ये, मनामात, एअर कंडिशनरचे सुटे भाग विकणाऱ्या दुकानात काउंटरवर उभा असे. माहूजला दोन खोल्यांचा फ्लॅट, बायको सुलभा, आणि इंग्रजी शाळेत जाणारी एक मुलगी, जिला मराठीत हाक मारली की ती इंग्रजीत 'काय?' म्हणायची. असा सगळा साधा, सरळ मामला. माणसाला वेड लागावं असं त्यात काही नव्हतं. पण सूकच्या, म्हणजे तिथल्या जुन्या बाजारपेठेच्या, एका गल्लीत नेजाती नावाच्या तुर्की न्हाव्याचं दुकान होतं, आणि मी तिथे केस कापायला गेलो.

त्याला सगळे 'उस्ता' म्हणत. उस्ता म्हणजे कारागीर. आडवा बांधा, जाड मिशा, आणि कपाटभर कॅसेटी. त्याने माझ्या मानेभोवती कापड बांधलं, टेपचं बटण दाबलं, आणि खोलीत एक माणूस रडायला लागला.

अरबेस्क म्हणजे काय, हे मी पुढे कोणी विचारलं नसतानाही सांगत असे, तेव्हा इथेही सांगतो. एक माणूस असतो. त्याला कोणीतरी सोडून गेलेलं असतं. तो हे सांगायला तोंड उघडतो, तोच मागून व्हायोलिनांचा एक ताफा 'आम्हालाही! आम्हालाही!' करून गळा काढतो. मग एक डफासारखं वाद्य सगळ्यांना सावरायला येतं आणि तेही कोसळतं. हे सगळं आटोपल्यावर गाणं सुरू होतं. माझे केस कापून झाले तरी त्या माणसाचं दुःख संपलं नव्हतं. मी उस्ताला म्हटलं, राहू दे, दाढीही कर.

अशी सुरुवात झाली. पुढे मी सूकमध्ये फिरून कॅसेटी जमवू लागलो. तुर्की ट्रक ड्रायव्हरनी विकलेल्या, कोणा बावर्च्याने गावी जाताना टाकून दिलेल्या, फीत चुरगळलेल्या, डबी फुटलेल्या. मी त्या पेन्सिलीने गुंडाळायचो, बारीक स्क्रू काढून आतली फीत जोडायचो, सुलभाच्या नेलपॉलिशने तडे बुजवायचो. बहारीनची हवा अशी दमट की कपाटात ठेवलेल्या चपलांना बुरशी येते. म्हणून दुकानातल्या पार्टांच्या खोक्यांत ओल शोषणाऱ्या दाण्यांच्या ज्या पुड्या येतात, त्या आणून मी कॅसेटींमध्ये ठेवल्या. तेवढ्याने समाधान होईना, म्हणून उन्हाळ्यात निवडक कॅसेटी फ्रिजच्या भाजीच्या कप्प्यात हलवल्या.

"वांगी कुठे ठेवू मग?" सुलभाने विचारलं.

मी तिला समजावून सांगितलं की वांगी दर आठवड्याला येतात, ही गाणी पुन्हा येणार नाहीत. तिने वांगी माझ्या बुटांच्या कपाटात ठेवली. मी आठवडाभर बुटात पाय घालण्यापूर्वी आत हात घालून बघत असे.

पण खरा कहर माझ्या सिद्धान्ताने केला. माझ्या लक्षात आलं की उस्ता वस्तऱ्याला 'उस्तुरा' म्हणतो, साबणाला 'साबुन', आरशाला 'आयना', चहाला 'चाय', दोस्ताला 'दोस्त' आणि दुनियेला चक्क 'दुन्या'! एका न्हाव्याच्या दुकानात बसल्या बसल्या मला एवढं तुर्की येत होतं, तर उरलेलं कितीसं असणार? मी जाहीर केलं की तुर्की ही आपलीच भाषा आहे, फक्त मनापासून ऐकली पाहिजे. शुक्रवारी सुट्टी. त्या दिवशी आमच्याकडे कोकणातली मित्रमंडळी जेवायला येत. त्यांना मी गाणं लावून ओळीओळीचा अर्थ सांगायचो. कोणी म्हणे, बाळूभाई, तुम्हाला एवढं कसं कळतं? मी डोळे मिटून म्हणायचो, "शब्दांकडे नाही, माणसाकडे लक्ष द्यायचं. कान तयार असला की सगळं मराठीच ऐकू येतं."

(हे वाक्य वाचकांनी ध्यानात ठेवावं. मला ते पुढे फार महागात पडलं.)

एकदा उस्ताने मला दुकानाच्या मागच्या खोलीत नेलं. रुमालात गुंडाळलेली एक कॅसेट काढली. त्याचा मोठा भाऊ आयहान गावोगावच्या लग्नांत गायचा. पुढे घशाचं ऑपरेशन झालं आणि आवाज गेला. आता तो कुजबुजतो. त्याच्या आवाजाची ही एवढीच एक कॅसेट होती, कोणीतरी मांडवात टेप धरून घेतलेली, एका बाजूला गाणी आणि दुसरी बाजू कोरी. आता त्या भावाच्या मुलीचं लग्न ठरलं होतं. उस्ता बहारीन सोडून कायमचा घरी निघाला होता आणि त्याला ही कॅसेट मुलीच्या लग्नात वाजवायची होती. पोरीने बापाला गाताना कधी ऐकलंच नव्हतं. पण मधे मधे फीत अडकत होती, आवाज वाकडा होत होता.

"तुम ठीक करेगा?" त्याने आपल्या बाजारी हिंदीत विचारलं.

मी छातीवर हात ठेवला. असा क्षण संग्राहकाच्या आयुष्यात एकदाच येतो. मी म्हटलं, उस्ता, जतन करणं हेच माझं काम. तू बेफिकीर राहा. इंशाल्ला.

कॅसेटवरच्या कागदावर निळ्या शाईत 'AYHAN' असं लिहिलेलं होतं. पण उस्ता गिऱ्हाइकांच्या हातावर जे लिंबाचं अत्तरपाणी शिंपडतो, ते त्यावर सांडलं होतं. शेवटची तीन अक्षरं पुसून गेली होती. उरलं होतं फक्त 'AY'.

घरी आणून मी ती रीतसर उघडली, फीत दाबून धरणारी आतली झिजलेली गादी बदलली, फीत सरळ केली. आता दुसऱ्या कॅसेटवर उतरवून घ्यायची आणि मूळ कॅसेटच्या पाठीवरचे ते दोन छोटे प्लास्टिकचे दात मोडून टाकायचे. ते मोडले की तिच्यावर पुन्हा काही भरता येत नाही, आवाज कायमचा सुरक्षित. अर्ध्या मिनिटाचं काम. पण सुलभाने जेवायला हाक मारली, पानात सुरमई होती, आणि मी ते काम उद्यावर टाकलं. तोवर कॅसेट फ्रिजमध्ये ठेवून दिली.

इथे आमच्या घरातली एक पद्धत सांगायला हवी. आमच्या आईला (आमच्याकडे आईला 'आय' म्हणतात) वाचता येत नव्हतं. कोणाकडून पत्र वाचून घ्यायचं तर सगळं आधी वाचणाऱ्याला कळणार, हे तिला नामंजूर होतं. म्हणून मी कॅसेटमध्ये बोलून पाठवायचो. सुट्टीवर गावी जाणाऱ्या कोणाच्या तरी सामानातून ती जायची. शेजारच्या सुमनकडे टेपरेकॉर्डर होता, त्यावर आय ती ऐकायची. आणि मग उत्तर त्याच कॅसेटवर, माझं बोलणं पुसून, सुरुवातीपासून भरायची. तीच कॅसेट परत यायची. मी तिचं पुसून माझं भरायचो. एकच कॅसेट वर्षानुवर्षं समुद्र ओलांडत होती. तिच्यावर काही लिहायची आम्हाला कधी गरज पडली नाही.

त्या आठवड्यात खाडीपलीकडच्या गावचा आमचा मित्र हसन मुकादम छोट्या सुट्टीवर निघाला होता. मी आदल्या शुक्रवारीच आयसाठी बोलून ठेवलं होतं, आणि ती कॅसेट कुठे ठेवली असेल? बरोबर. भाजीच्या कप्प्यात! मुकादम दारात आला तेव्हा मी दुकानात होतो. सुलभाने फोन करून विचारलं, कुठली द्यायची? मी गिऱ्हाइकाला थर्मोस्टॅट दाखवत होतो. मी म्हटलं, आयची कॅसेट दे.

तिने फ्रिज उघडला. एका कॅसेटवर काहीच लिहिलेलं नव्हतं. दुसरीवर लिहिलं होतं, AY.

पुढच्या शुक्रवारी सकाळी मी उरलेली कॅसेट खिशात टाकून ऐटीत उस्ताच्या दुकानात गेलो. (वरचा कागद नाही, हे मला दिसलं होतं. ओलीने सुटून पडला असणार, असा अंदाज मी केला. तज्ज्ञ माणसाचे अंदाज झटकन होतात.) त्याचा मोठा टेप चांगला होता. त्यावर एकदा आवाज तपासून मग घरी उतरवून घ्यावी, असा माझा बेत. दुकान भरलेलं होतं. बाकावर दोन बहारीनी म्हातारे आणि एक पाकिस्तानी ड्रायव्हर. उस्ताने मला मानाने खुर्चीत बसवलं, तोंडाला फेस लावला, वस्तरा परजला आणि सगळ्यांना सांगितलं की आता माझा भाऊ गाणार आहे. म्हाताऱ्यांनी जपाच्या माळा थांबवल्या. उस्ताने बटण दाबलं आणि वस्तरा माझ्या गळ्याला लावला.

टेपमधून माझा आवाज आला.

"आय! मी बाळ्या बोलतोय. साष्टांग नमस्कार."

मी हललो नाही. गळ्याशी वस्तरा असताना माणूस हलत नाही. माझी बोलायची पद्धत जरा नाटकी आहे हे मला मान्य आहे. आयच्या कॅसेटमध्ये तर मी जागोजागी दाटून येत असे, हुंदका गिळत असे, मधेच बराच वेळ गप्प राहत असे. तिला तेवढंच बरं वाटावं म्हणून. आता तो सगळा मजकूर मी, एक गाल फेसाने पांढरा करून, चार माणसांदेखत ऐकत होतो. सुलभाच्या कालवणाला तुझ्या हातची चव नाही, असंही त्यात एके ठिकाणी गहिवरून म्हटलं होतं.

उस्ता मान कलती करून ऐकत राहिला. त्याला वाटलं, हे मी आधी लावलेलं काहीतरी हिंदी अरबेस्क असावं. बराच वेळ ऐकून त्याने जाणकाराचा निर्णय दिला.

"ये आदमी बहुत रोता," तो म्हणाला. "लेकिन झूठा रोता." मग जरा थांबून, "मेरा भाई किधर?"

मी म्हटलं, उस्ता, आधी वस्तरा खाली ठेव.

मी त्याला सगळं सांगितलं. त्याने वस्तरा पुसला, टॉवेलची घडी घातली आणि स्टुलावर बसला. ओरडला असता तर बरं झालं असतं. त्याने फक्त विचारलं, कॅसेट तुझ्या आईकडे आहे ना? मग काय मुश्किल? आणायची. मुकादम परत येणार होता आणि उस्ताचं विमान त्याच्यानंतर होतं. त्याच्या दृष्टीने प्रश्न संपला. पण माझा प्रश्न आता कुठे सुरू झाला होता, कारण आमच्या घरची पद्धत उस्ताला ठाऊक नव्हती. आय कॅसेट ऐकते. आणि मग तिच्यावरच, सुरुवातीपासून, उत्तर भरते! प्लास्टिकचे ते दोन दात मी मोडले नव्हते. मी सुरमई खाल्ली होती.

दुकानातूनच गावी फोन लावला. गावात फोन एक, वाण्याच्या दुकानात. लागता लागत नव्हता. लागला तेव्हा वाण्याने माझं नाव ऐकून आवाज एकदम खाली आणला, मयताला आल्यासारखा. म्हणाला, बाळ्या, ऐकलं रे सगळं. वाईट झालं. धीर सोडू नको. आयला बोलावतो.

काय ऐकलं, ते विचारेपर्यंत तो निघून गेला होता. मी फोन ठेवला, फेस सुकू लागला, उस्ताने शांतपणे तो पुन्हा ओला केला. पुन्हा फोन लावला. आय येऊन बसली होती, आणि मागच्या खोकल्यांवरून पाहता तिच्याबरोबर निम्मं गाव आलं होतं.

"जेवलास काय?" तिने विचारलं.

मी म्हटलं, आय, ती कॅसेट. उत्तर भरलंस?

"भरलं."

समोरच्या आरशात मला माझा चेहरा दिसत होता. एक गाल कोरा, एक गाल पांढरा. मागे स्टुलावर उस्ता. त्याला मराठी येत नव्हतं, पण माणसाकडे लक्ष दिलं की सगळं कळतं हे मीच त्याला शिकवलं होतं. तो उभा राहिला.

"त्या गाण्यांवर भरलंस?" मी कसंबसं विचारलं.

"त्याच्यावर कशी भरीन रे?" आय म्हणाली. "तुजं रडणं पुसायला माजा हात होईना. पलटी करून दुसऱ्या अंगाला भरलं."

मी उस्ताकडे वळून अंगठा वर केला. तो बसला. म्हातारे म्हणाले, अलहम्दुलिल्ला. कशाबद्दल, ते त्यांना माहीत नव्हतं.

आता एवढंच राहिलं होतं की आयने कॅसेट मुकादमाकडे परत द्यावी. तर ती देईना. म्हणाली, तू आता येतोसच आहेस, मग इथंच ऐक. मी कशाला येतोय? तर म्हणाली, लपवू नको, सगळ्या गावाने ऐकलं. हळूहळू जे बाहेर आलं ते असं. सुमनच्या टेपचे सेल उतरलेले. त्यात कोणाचाही आवाज जाड होऊन रडका येतो. कॅसेट लावली तर मी आधी पुष्कळ वेळ परक्या भाषेत कण्हत होतो. आयने काढलेला अर्थ असा की, जवळ साहेब उभा असणार, म्हणून पोरगं अरबीत बोलतंय. मग मला राहवलं नाही, आणि मी हंबरडा फोडून मराठीत आलो.

"साफ आयकलं रे आम्ही," आय म्हणाली. "गेलं बाबा, गेलं! गेलं बाबा, गेलं! धा वेळा म्हणालास. काय गेलं ते नाय सांगितलंस, पण आमाला काय कळत नाय? नोकरी गेली."

मी उस्ताला विचारलं, तुझा भाऊ 'गेल बाबा गेल' असं काही गातो का? उस्ताचे डोळे चमकले. हो, म्हणाला, तेच तर त्याचं नावाजलेलं गाणं. बाप परमुलखात कामाला गेलेला असतो, घरचं पोर दारात बसून त्याला हाका मारत असतं. गेल म्हणजे ये. ये बाबा, ये.

एवढं तुर्की शिकलो, पण 'ये' हा शब्द माझ्या कानावरून रोज जात असूनही मला तो कळला नव्हता. मी आलेल्या पाहुण्यांना त्याचा अर्थ 'हाय रे दैवा' असा सांगत असे.

तिकडे गाव थांबलं नव्हतं. काकांनी गुरवाकडे जाऊन देवीला कौल लावला होता, आणि देवीने उजवा दिला होता, म्हणजे पोरगं येणार. चुलतभावाने माझ्यासाठी आंब्याच्या बागेतली खोप शाकारायला घेतली होती. कोंबड्या पाळायच्या की काजूच्या कारखान्यात चिकटवायचं, यावर दोन तट पडले होते. मी ओरडून सांगत होतो की माझी नोकरी शाबूत आहे, तो मी नव्हेच, तो एक तुर्क आहे. आय ऐकेना. तिचं एकच म्हणणं, "माजं पोर मी वळखत नाय?" कान तयार असला की सगळं मराठीच ऐकू येतं, हा माझा सिद्धान्त जगात पहिल्यांदा सिद्ध झाला होता, आणि तो सिद्ध करणारी बाई फोनच्या दुसऱ्या टोकाला बसून मला घरी बोलावत होती.

शेवटी मला एकच उपाय दिसला. मी म्हटलं, आय, नीट ऐक. मी तेच गाणं म्हणतो. मग तूच सांग, कॅसेटीतला माणूस मी आहे का.

आणि उस्ताच्या दुकानात, भर शुक्रवारी सकाळी, एका गालावर फेस घेऊन मी फोनमध्ये 'गेल बाबा, गेल' गायलो. जीव ओतून गायलो. तान घेतली. हुंदका घातला. पाकिस्तानी ड्रायव्हर उठून बाहेर जाऊन उभा राहिला. उस्ताने दोन्ही हातांनी टॉवेल तोंडाशी धरला, तो हसत होता की त्याला भावाच्या गाण्याचे हाल बघवत नव्हते, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

पलीकडे कोणीतरी खोकलं. मग आयचा आवाज आला, माझ्यासाठी नव्हे, जमलेल्या गावासाठी.

"नाय. ह्यो तो नव्हे."

खोप शाकारायचं काम थांबलं. खाडीपलीकडे मुकादमाला निरोप गेला, तो स्वतः होडीने येऊन कॅसेट घेऊन गेला. आयने ती नऊवारीच्या धुवट तुकड्यात गुंडाळून दिली होती. विमानतळावरून मुकादम सरळ सूकमध्ये आला, घरीसुद्धा गेला नाही, कारण मी तिथे रोज जाऊन उभा राहतो हे त्याला सुलभाने फोनवर सांगितलं होतं.

उस्ताने कॅसेट लावली. आयहान गायला लागला, स्वच्छ, न अडखळता. (गादी मी बदलली होती, हे नोंदवून ठेवतो. तेवढं तरी माझ्या नावावर राहू दे.) उस्ता आरशाकडे तोंड करून उभा राहिला आणि सगळ्या कात्र्या एका रांगेत लावत राहिला. गाणी संपली. मी म्हटलं, मागच्या बाजूला आमच्या आयने काहीतरी भरलंय, ते मी आता पुसून देतो.

तो म्हणाला, पहिले सुनाओ.

कॅसेट पलटी केली. आधी कोंबडी, मग सुमनचं 'बोल, लागला', आणि मग आय. तिने उगाच सूर लावला नव्हता. बाजारातून काय आणायचं ते सांगावं तसं सांगत होती. "गेलं तर गेलं, बाळ्या. गेलं ते गेलं. घरला ये."

मी अर्थ सांगायला तोंड उघडलं, तर उस्ताने हात वर करून मला थांबवलं.

"मालूम," तो म्हणाला. "माँ बोलती है, गेल. गेल. घर आओ."

मी त्याला सांगायला हवं होतं की गेलं म्हणजे गेलं, ते वेगळं. सांगितलं नाही. त्याने मला ते पुसू दिलं नाही. पाठीवरचे दोन दात त्याने स्वतः वस्तऱ्याच्या टोकाने मोडले आणि कॅसेट आयच्या लुगड्याच्या तुकड्यासकट पेटीत ठेवली. त्याच्या पुतणीच्या लग्नात कोणी विसरून ती पलटी केली असेल, तर तुर्कस्तानातल्या एका मांडवात आमच्या आयने सगळ्या वऱ्हाडाला घरी बोलावलेलं आहे. निघताना तो मला म्हणाला की तुझ्या आईचं तुर्की तुझ्यापेक्षा चांगलं आहे.

एवढ्यावर मी सुधारलो असेन, असं कोणाला वाटेल. मी उलट चिडलो. माझी माय एका तुर्काच्या रडण्याला भुलते, ते पुसायला तिचा हात धजत नाही, आणि इतकी वर्षं माझं रडणं ती दर खेपेला पुसून त्यावर तांदळाचा भाव सांगते! पुढची कॅसेट मी तयारीने भरली. दार लावून घेतलं, सुलभाला कुकर बंद करायला लावला. समुद्राचं वर्णन केलं, एकटेपणाचं केलं, 'आय' हा शब्द वेगवेगळ्या पाच सुरांत म्हटला. शेवटी खरंच डोळ्यांत पाणी आलं. सुलभा दाराबाहेरून म्हणाली, बरं वाटत नाही का?

कॅसेट गेली, यथावकाश परत आली. माझं सगळं पुसून उत्तर भरलेलं, हे सांगायला नकोच. वाण्याच्या मुलीचं लग्न ठरलं, गाय व्याली, पाऊस बरा आहे, तब्येतीला जप. संपलं. मी बटण बंद करायला हात पुढे केला, तोच कळलं की सुमनने टेप बंद करताना काहीतरी घोळ घातलाय आणि फीत अजून फिरते आहे.

ही माझ्या संग्रहातली शेवटची आणि सर्वांत मौल्यवान कॅसेट. तिचे दोन्ही दात मी त्याच क्षणी मोडले. तिच्यात आधी भांड्यांचा आवाज येतो, मग कोणीतरी पाट सरकवतं, आणि मग आमची आय, टेप बंद झाला आहे अशा पक्क्या समजुतीने, सुमनला म्हणते:

"काय पण म्हण गो, त्या तुर्काला रडायचं वळण होतं. आमच्या बाळ्याचं आपलं नुसतं पडसं!"